बिननाकाची डाळ

वाटाण्याच्या डाळीबद्दल आमच्या सासूबाईंचं मत बरं नव्हतं. मिरजेच्या घरी दुपारची जेवणं उरकली की त्या परातीत हरभऱ्याची डाळ घेऊन निवडायला बसायच्या आणि तिच्यातले पिवळे, गुळगुळीत दाणे वेचून बाजूला काढायच्या. तोंडानं वाण्याचा उद्धार चालू असायचा. नवीन लग्न होऊन आले तेव्हा मला ते दाणे ओळखूच यायचे नाहीत. मग एकदा त्यांनी माझ्या तळहातावर दोन डाळी शेजारी शेजारी ठेवल्या. एकीला टोकाशी बारीकशी चोच होती, पाठ जराशी सुरकुतलेली. दुसरी नुसती अर्धगोल, पाठ तुळतुळीत. “हरभऱ्याला नाक असतं,” त्या म्हणाल्या, “हा मेला बिननाकाचा. वाटाणा आहे. भेसळ.”

आयुष्यभर भेसळ म्हणून वेचून टाकलेला हा दाणा पुढे आमच्या हेगच्या घरात किलोकिलोनं आला, आणि तो कसा शिजवायचा यावरून आम्ही दोघी कित्येक हिवाळे भांडलो. त्या गेल्यापासून मी तो माझ्या मनासारखा शिजवते. कुणी आडवं येत नाही. याचा जो आनंद व्हायला हवा होता, तो अजून झालेला नाही.

सासूबाई यायच्या त्या हिवाळ्यातच. लोक आईवडिलांना हॉलंड दाखवायला एप्रिलमध्ये बोलावतात, ट्यूलिपच्या बागा दाखवतात, फोटो काढतात. आमच्याकडे ते जमलं नाही. उन्हाळ्यात घर सोडायचं म्हणजे पापड, कुरडया, सांडगे, वर्षाचं तिखट, लोणची हा सगळा पसारा कुणाच्या भरवशावर टाकायचा? पावसाळ्यात श्रावण, मग गणपती, मग नवरात्र, मग दिवाळी. तुळशीचं लग्न लागलं की बाई मोकळ्या. म्हणजे आमच्याकडे दुपारी साडेचारला अंधार पडायला लागला की त्यांचं विमान उतरायचं. मोठ्या बॅगेत कुळथाचं पीठ, मेतकूट, हिंगाची डबी आणि जुन्या लुगड्यात गुंडाळलेली विळी. विळी पहिल्यांदा आली तेव्हा मी म्हटलं, “आई, इथं सुऱ्या मिळतात हो.” त्या म्हणाल्या, “मिळोत की.”

१९९७च्या जानेवारीत त्या पहिल्यांदा इथं होत्या. त्या वर्षी थंडी अशी पडली की कालवे गोठले आणि ४ जानेवारीला फ्रीसलंडमधली अकरा शहरांची स्केटिंग शर्यत झाली. लेउवार्डनहून पहाटे अंधारात निघायचं, गोठलेल्या पाण्यावरून दोनशे किलोमीटर जायचं आणि फिरून लेउवार्डनला यायचं. बर्फ पुरेसा जाड धरला तरच ती होते. १९०९पासून जेमतेम पंधरा वेळा झाली आहे, आणि त्या १९९७नंतर एकदाही नाही. दिवसभर टीव्हीवर दुसरं काही नव्हतं. सोळा हजारांवर माणसं वाऱ्याला तोंड देत वाकून चालली होती. सासूबाई कानाला मफलर बांधून पाहत होत्या. बराच वेळ गप्प राहून त्यांनी विचारलं, “आणि या सगळ्यांना खायला कोण घालतं?”

मी सांगितलं की काठाकाठानं टपऱ्या असतात, त्यांना कूक-एन-झोपी म्हणतात, तिथं वाटाण्याच्या डाळीचं गरम सूप मिळतं. जिंकला तो हेंक आंगेनेंत. तो ब्रसेल्स स्प्राउट्स पिकवणारा शेतकरी आहे असं कळल्यावर सासूबाईंना शर्यतीबद्दल एकदम आपुलकी वाटायला लागली. सूपाबद्दल मात्र नाही.

ते सूप म्हणजे एर्टेनसूप, रोजच्या बोलण्यात स्नर्ट. आमच्या जिन्यावर खालच्या मजल्याला एक बाई राहतात, सासूबाईंपेक्षा पाच-सहा वर्षांनी मोठ्या. करायला मी त्यांच्याकडून शिकले. अर्धा किलो हिरवी वाटाण्याची डाळ, दोन-अडीच लिटर पाणी. डाळीला साल नसतं, म्हणून भिजत घालावी लागत नाही. उकळी फुटली की वर मळकट फेस धरतो, तो काढत राहायचा. मग आच बारीक करायची आणि कांदा, गाजर, बटाटा, लीक आणि सेलेरिॲक एकेक करून सोडायचं. तास-दीड तासात डाळ स्वतःहून विरघळते. घोटायची गरज नसते, तळाला लागू नये म्हणून लाकडी डावानं ढवळायचं एवढंच. इथली माणसं यात डुकराचे पाय किंवा बरगड्या शिजवतात, शेवटी धुरावलेल्या सॉसेजचे काप घालतात, सोबत राय धान्याच्या काळ्या पावाला मोहरी लावून खातात. सूप झालं की नाही याची परीक्षा एकच: मधोमध चमचा उभा राहिला पाहिजे.

खालच्या बाईंनी ती परीक्षा सासूबाईंसमोर करून दाखवली. आमच्यासाठी मुद्दाम मांसाशिवाय केलेलं पातेलं घेऊन त्या वर आल्या होत्या. चमचा उभा राहिला. सासूबाई वाकून बघत म्हणाल्या, “हे तर पिठलं झालं. आणि तेही आजाऱ्याचं.” बाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, “आईंना फार आवडलंय.” त्यानंतरच्या सगळ्या हिवाळ्यांत मी दोघींमध्ये दुभाषाचं काम केलं, आणि ते फारसं प्रामाणिकपणे केलं नाही. मला वाटतं दोघींनाही ते कळत होतं. मी उलथा करून सांगत असताना त्या माझ्याकडे न बघता एकमेकींच्या तोंडाकडे बघत असायच्या.

सेलेरिॲकशी सासूबाईंचं आधी वैर होतं. तो कंद दिसायला ओबडधोबड, बुडाशी मुळ्यांचा गुंता आणि त्या गुंत्यात माती रुतलेली. इथले लोक मोठ्या सुरीनं चारी बाजू सपासप उडवतात आणि निम्मा कंद केराच्या डब्यात जातो. सासूबाईंना ते बघवेना. त्यांनी जमिनीवर वर्तमानपत्र पसरलं, विळी मांडली, तिच्या पाटावर पाय दाबून बसल्या आणि कंद दोन्ही हातांत धरून पात्यावर फिरवायला लागल्या. कंद फिरतो, पातं जागच्या जागी, आणि साल कागदाएवढ्या जाडीची, सलग, मधेच मुळ्यांपाशी जराशी अडखळणारी. आतून पांढरीशुभ्र, किंचित पिवळसर झाक असलेली भाजी निघाली. हवेत ओव्यासारखा वास पसरला. त्यांनी बोटं हुंगली. “बरं आहे की,” म्हणाल्या. हॉलंडबद्दल त्यांच्या तोंडून निघालेले बरे शब्द मी लक्षात ठेवले आहेत, कारण ते फार नव्हते.

डाळ आणायला आम्ही पॉल क्रूगरलानवर जायचो. तिथली निम्मी दुकानं सूरीनामच्या हिंदुस्तानी लोकांची. १८७३ साली ‘लल्ला रूख’ नावाचं जहाज कलकत्त्याहून गिरमिटिया मजूर घेऊन सूरीनामला गेलं, आणि १९१६पर्यंत अशी सुमारे ३४ हजार माणसं तिकडच्या उसाच्या मळ्यांवर नेली गेली, बहुतेक बिहारकडची आणि आजच्या उत्तर प्रदेशातली. १९७५मध्ये सूरीनाम स्वतंत्र झालं त्या सुमाराला त्यांची नातवंडं-पतवंडं हजारोंनी हॉलंडला आली, त्यातली पुष्कळशी हेगमध्ये राहिली. सासूबाईंचं हिंदी मिरजेचं आणि दुकानदारीण बाईची भाषा भोजपुरीतून निघून शंभर वर्षं समुद्रापलीकडे वाढलेली. तरी दोघींचं माझ्यावाचून चालायचं. त्या दुकानात पोत्यांच्या तोंडाशी पिवळी वाटाण्याची डाळ ढिगानं असायची. सासूबाईंनी एक दाणा उचलला, उलटा-पालटा केला, पुढच्या दातांनी फोडला. “ये किसमें डालते?” त्यांना वाटलं असणार, बेसनात. दुकानदारीण म्हणाली, याचीच तर दाल करतो, हीच भरून पुरी करतो, आजी करायची, पणजी करायची. सासूबाई जरा वेळ तिथंच उभ्या राहिल्या. रस्त्यात म्हणाल्या, “बिचाऱ्यांना तूर मिळाली नसणार तिकडं.”

त्या दिवसानंतर ‘भेसळ’ हा शब्द मी त्यांच्या तोंडून ऐकला नाही. ‘बिननाकाची’ मात्र कायम राहिली.

आता भांडणाकडे येते. भांडण हिंगाचं होतं. माझं म्हणणं असं की या सूपाची स्वतःची एक चव आहे, कंदाची, लीकची, शिजून गोड झालेल्या गाजराची. ती मवाळ आहे, पण आहे. तिला तशी राहू द्या. सगळ्याला आपल्याच घरचा वास कशाला लावायचा? त्यांचं म्हणणं याहून फार लहान होतं. “डाळ आहे ना? मग हिंग नको कसा?” शिवाय वाटाणा वातूळ. यावर मी काही बोलायला लागले की त्या गप्प बसायच्या आणि मी कपडे वाळत घालायला आत गेले की तूप तापवायच्या. फोडणीचा चुर्र आवाज घरभर जायचा. मी बाहेर येऊन खिडकी उघडायची. उणे तीन तापमानाची हवा आत. त्या शाल ओढून घ्यायच्या आणि खिडकीकडे बघत म्हणायच्या, “आता छान वास सुटला.” तिसरा पक्ष म्हणजे माझा नवरा. त्याला दोन्ही प्रकार आवडायचे, म्हणजे त्याचा उपयोग नव्हता.

एका बाबतीत मात्र मी पहिल्याच वर्षी माघार घेतली. सॉसेज नाही म्हटल्यावर या सूपाचं मोठं नुकसान होतं ते धुराचं. मीठ वाढवून, मिरी टाकून ते भरून येत नाही. सासूबाईंना सॉसेजचा वासही माहीत असायचं कारण नव्हतं, पण काहीतरी कमी पडतंय हे त्यांच्या जिभेला कळलं. त्यांनी दोन मोठे कांदे सालासकट गॅसच्या ज्योतीवर ठेवले. आमच्याकडे मिरज-कोल्हापूर भागात वाटणाला कांदा भाजतात तसेच, चिमट्यानं फिरवत, वरचं साल कोळसा होईपर्यंत आणि आतून रस फुटून ज्योतीवर चरचर थेंब पडेपर्यंत. छताला लावलेली धुराची घंटा किंचाळायला लागली. त्यांनी एका हातानं टॉवेल हलवला आणि दुसऱ्या हातानं कांदा फिरवणं सोडलं नाही. मग काळं साल सोलून, आतला मऊ, तपकिरी गाभा लसणाच्या चार पाकळ्यांबरोबर ठेचून सूपात कालवला. लिंबू उतरवताना. आंबट आधी घातलं तर डाळ शिजत नाही, हे त्यांना ठाऊक होतंच. पेक्टिन वगैरे कारण मला नंतर वाचून कळलं.

ते सूप मी वाटीभर खाली नेलं. अर्ध्या तासानं बाई वर आल्या आणि विचारलं, सॉसेज कुठून आणलंत? मी ते भाषांतर करून सांगितलं, यावेळी अगदी शब्दशः. सासूबाईंनी कपाळावर हात मारला. “मांस? माझ्या हातचं खाऊन म्हणते मांस?” दोन दिवस त्या धुसफुसत होत्या. मिरजेला फोन केला तेव्हा मात्र शेजारणीला हा किस्सा इतका रंगवून सांगितला की फोनचं बिल आल्यावर नवऱ्यानं ते मला दाखवलं.

असंच एकदा दोघी आमच्या टेबलाशी बसल्या असताना बाई १९४४च्या हिवाळ्याबद्दल बोलल्या. रेल्वे कामगारांचा संप झाला, जर्मनांनी पश्चिमेकडच्या शहरांचं अन्न तोडलं, आणि हेगमध्ये त्या आठ वर्षांच्या मुलीला किटली घेऊन सार्वजनिक स्वयंपाकघराच्या रांगेत उभं केलं जायचं. त्या किटलीत पडायचं ते सूप म्हणजे पाणी. नंतर तेही संपलं तेव्हा साखरेचं बीट आणि ट्यूलिपचे कंद. त्या हिवाळ्यात या देशात वीस हजारांच्या आसपास माणसं उपासमारीनं गेली. मी सांगत होते, सासूबाई ऐकत होत्या. मला वाटलं त्या हळहळतील. त्यांनी विचारलं, “सोलून खायचे का ते कंद?” बाई एकदम सावरून बसल्या. हो, सोलायचे, आणि मधला पिवळा कोंब काढून टाकायचा, तो विषारी. सासूबाईंनी मान हलवली, नीट लक्षात ठेवल्यासारखी. मग त्यांनी १९७२च्या दुष्काळाचं सांगितलं. त्यांचं माहेर आटपाडीकडचं. सरकारी कामावर खडी फोडायची, पोरांना सुकडी मिळायची, आणि रेशनला मिलो यायची, अमेरिकेची तांबडी ज्वारी, जिची भाकरी थापताना फुटायची. पिठाला काय करावं की भाकरी फुटू नये, हे त्या बाईंना हातवारे करून सांगत राहिल्या: उकड काढायची, गरम असतानाच मळायचं. हॉलंडमध्ये ही माहिती कुणाला कधी लागणार होती देव जाणे. पण त्या दिवशी मी काही गाळलं नाही.

२०१६च्या आषाढात सासूबाई गेल्या. किडनीचं दुखणं होतं, वर्षभर कुरकुरत होतं, शेवटी चार दिवसांत आटोपलं. त्यांचा मुलगा वेळेवर पोचला. मी मुलीच्या परीक्षेसाठी मागं राहिले होते, आणि माझ्या वाट्याला आला तो पहाटेचा फोन. तिकडे पाऊस, पाहुणे, दहावा, तेरावा, रडायला आणि रागवायला माणसं. इकडे जुलैचं लख्ख ऊन, रात्री दहापर्यंत उजेड, ऑफिस. खालच्या बाईंना मी जिन्यात सांगितलं. त्यांनी माझा दंड धरला, काही बोलल्या नाहीत. दोन दिवसांनी त्यांचं कार्ड आलं, काळ्या रेघेचं, वर तिकीट लावलेलं, पोस्टातून. एकाच जिन्यावर राहून. इथं तशी रीत आहे. मला आधी ते विचित्र वाटलं. आत लिहिलं होतं की कांदा जाळायची युक्ती मी अजून वापरते. तेव्हा मला रडू आलं.

पुढे कधीतरी मी वनस्पतींच्या कुळांबद्दल वाचत होते, वेगळ्याच कामासाठी. गाजर, सेलेरिॲक, कोथिंबीर, जिरं, ओवा, बडीशेप ही सगळी एका कुळातली झाडं. इथपर्यंत ठीक. त्याच यादीत पुढे हिंग. अफगाणिस्तान-इराणकडच्या कोरड्या डोंगरांत उगवणारं झाड, त्याच्या जाड मुळाला चीर दिली की जो चीक पाझरतो तो वाळला की हिंग. म्हणजे पातेल्यात कंद होता, गाजर होतं, आणि सासूबाई वरून त्यांचाच भाऊबंद आणून टाकत होत्या. मी मात्र परका म्हणून खिडकी उघडत होते. हा मुद्दा त्यांच्या हाती लागला असता तर त्यांनी मला जन्मभर सोडलं नसतं. मी तो त्यांच्या हाती लागू दिला असता का, हा प्रश्न वेगळा. पण असा मुद्दा हाताशी असावा आणि तो ज्यांच्यापासून लपवायचा ते माणूसच नसावं, याचं काय करतात?

कांदाही आता भाजता येत नाही. या देशाची घरं ज्या गॅसवर चालायची तो बराचसा ख्रोनिंगनच्या जमिनीतून यायचा. १९५९मध्ये सापडला, काढता काढता तिकडे भूकंप व्हायला लागले, भिंतींना तडे गेले आणि २०२३च्या ऑक्टोबरात उपसा थांबवला. आमच्या इमारतीचा गॅस त्याआधीच काढला. आता ओट्यावर काळी काच आहे, तिच्यावर ज्योत नाही. कांदा ओव्हनमध्ये भाजून पाहिला. मऊ होतो, गोड होतो, धुराचा नाही होत. खालच्या बाईंनी बाल्कनीत शेगडी पेटवा असं सुचवलं. वयाच्या नव्वदीला आलेल्या बाई मला इमारतीचे नियम मोडायला सांगत होत्या. मला ते आवडलं, पण डिसेंबरातल्या वाऱ्यात निखारे टिकले नाहीत.

आणि परवा मी सूपात हिंग घातला. मोजून, चण्याच्या अर्ध्याएवढा. नवरा जेवायला बसला, पहिला चमचा घेतला आणि म्हणाला, “आई एवढा नाही घालायची.”

मी म्हटलं, “याच्या दुप्पट घालायची. खिडकी कोण उघडायचं?”

“तुझं नाकच तिखट. आई अगदी चिमूटभर घालायची.”

“तू फोडणीच्या वेळी कधी घरात होतास?”

हे चढत गेलं. भाकरी गार झाली. शेवटी त्यानं फोन काढून नणंदेला लावला. मिरजेला रात्रीचे बारा वाजून गेले असतील, पण ती उचलते. त्यानं आवाज मोठा केला आणि सगळी हकीकत सांगितली, माझ्या विरोधात. तिनं शांतपणे ऐकलं.

“लसूण घातलाय का त्यात?” तिनं विचारलं.

घातला होता.

“मग आई हिंग घालणंच शक्य नाही,” ती म्हणाली. “लसूण असला की आई हिंगाला हात लावायची नाही. दोघं काय बोलताय तुम्ही?”

आम्ही दोघंही एकदमच तिच्यावर ओरडलो.